खड्ड्यात दुसरं कोण बसलं होतं?

पुणे-लोणावळा लोकलने रोज प्रवास करणाऱ्याला देहूरोड ते कामशेत या पट्ट्यात वाचायला पुस्तक लागत नाही. दाराच्या वर, खिडकीच्या चौकटीला, कधी थेट पंख्याखाली चिठ्ठ्या चिकटवलेल्या असतात. मूळव्याध विनाऑपरेशन. शुगर मुळापासून. गुडघेदुखी २१ दिवसांत बंद. खाली मोबाइल नंबर. मला मूळव्याध नाही, पण त्यातला एक नंबर पाठ झाला आहे. हसण्यासारखी गोष्ट आहे खरी. पण न मागता, विश्वास न ठेवता एखादी गोष्ट डोक्यात घर करून बसते, ती अशीच.

गेल्या पावसाळ्यात नाणे मावळातल्या एका मावशींना त्यांचा मुलगा दवाखान्यात घेऊन आला. भात लावणीच्या दिवसांत पायाच्या बोटाला काहीतरी लागलं होतं, आठ दिवस चिखलात काम चालूच होतं, आणि आता बोट काळं पडलं होतं. शुगर तपासली तर ४००च्या वर. चार वर्षं त्यांची शुगर दोन गोळ्यांवर नीट होती. गोळ्या घेता ना, असं विचारल्यावर त्या गप्प बसल्या. मुलगा म्हणाला, "दोन महिने झाले, बंद केल्यात. पावडर चालू आहे." पावडरीचा व्हिडिओ गावच्या ग्रुपवर आला होता. त्यात पांढरा कोट घातलेला एक माणूस होता, गुण आलेली सात-आठ माणसं होती आणि एक वाक्य होतं: हे तुम्हाला तुमचा डॉक्टर कधीच सांगणार नाही.

त्यांना मी पुण्याला पाठवलं. बोट वाचलं नाही.

प्रचार म्हटलं की आपल्याला निवडणूक आठवते. झेंडे, भोंगे, सभा आठवतात. पण लोकांचं मत वळवण्याची हत्यारं सगळीकडे तीच असतात. मत द्यायचं असो, साबण घ्यायचा असो की गोळ्या बंद करायच्या असोत. १९३७ साली न्यूयॉर्कमध्ये काही अभ्यासकांनी प्रचाराचं विश्लेषण करणारी एक संस्था काढली. युरोपात हुकूमशहा जोरात होते आणि अमेरिकेत रेडिओवरून विष पेरणारे धर्मोपदेशकही. या संस्थेने प्रचाराच्या सात युक्त्या ओळखून त्यांना साधी नावं दिली. नावं ठेवणं, गोड गोड मोठे शब्द, दुसऱ्याची प्रतिष्ठा उसनी घेणं, साक्ष काढणं, 'मी तुमच्यातलाच' असं दाखवणं, सगळे निघाले तुम्हीही चला, आणि सोयीचे तेवढेच पत्ते दाखवणं. संस्था १९४२मध्ये बंद पडली. युक्त्या मात्र मोबाइलमध्ये आल्या. मावशींच्या मुलाने मला तो व्हिडिओ दाखवला. तीन मिनिटांच्या आत सातही भेटल्या.

सात युक्त्यांचं वजन सारखं नाही. गोड शब्द आणि 'चला सगळे' यांच्यावर फार वेळ घालवण्याची गरज नाही. ते आपल्यालाही दिसतात. दिसत नाही ती साक्ष. कारण साक्ष देणारा बहुतेक वेळा खोटं बोलत नसतो.

मावशींच्या चुलतभावाला खरोखरच त्या पावडरीने 'गुण आला' होता. मी त्यांना ओळखतो. त्यांची शुगर नुकतीच सापडली होती, डॉक्टरांनी गोळी सुरू केली होती, घाबरून त्यांनी चहातली साखर सोडली होती आणि रोज सकाळी चालायला लागले होते. त्याच महिन्यात पावडरही सुरू केली. शुगर उतरली. श्रेय पावडरीला गेलं. गोळी सरकारी दवाखान्यातली फुकटची होती आणि पावडर अठराशे रुपयांची. ज्याला पैसे मोजले त्याच्यावर माणसाचा विश्वास लवकर बसतो.

दुसरी गोष्ट अशी, की माणूस औषध शोधायला निघतो ते दुखणं शिगेला पोचल्यावर. गुडघा, पाठ, पित्त, खाज ही सगळी दुखणी वर-खाली होणारी. शिगेनंतर ती आपोआप थोडी उतरतातच. मे महिन्याच्या अखेरीस कोणी लोणावळ्याच्या बाजारात पाऊस पाडण्याचं यंत्र विकायला बसलं, तर जूनअखेर त्याच्याकडे हजारभर समाधानी गिऱ्हाइकं असतील. एकही खोटं बोलत नसेल. यंत्र न घेतलेल्या शेजाऱ्याच्या अंगणातही तेवढाच पाऊस पडला, एवढंच कोणी बघितलेलं नसेल.

तो शेजारी दाखवायचा नाही, हे प्रचाराचं खरं काम. बाकीच्या सहा युक्त्या त्याच्या आजूबाजूची सजावट आहे, असं माझं मत आहे. आणि तो शेजारी शोधून काढणं हे विज्ञानाचं काम. हे कसं करतात, याचं फार चांगलं उदाहरण आपल्या मावळातच आहे.

हवाबंद खड्ड्यात स्वतःला पुरून घेणाऱ्या योग्यांच्या कथा आपण ऐकलेल्या असतात. माणूस खड्ड्यात उतरतो, वरून माती टाकतात, तासांमागून तास जातात, मग उकरून काढतात आणि तो हसत बाहेर येतो. गर्दी नमस्कार करते. लोणावळ्याच्या कैवल्यधाम संस्थेतल्या करंबेळकर, विनेकर आणि भोळे या संशोधकांनी ठरवलं, की हे मोजून बघू. त्यांनी हवाबंद खड्डा केला, आतल्या हवेतला ऑक्सिजन आणि कार्बन डायऑक्साइड मोजण्याची सोय केली आणि असे प्रयोग करण्यात सराईत असलेल्या माणसाला आत बसवलं. इथपर्यंत कोणीही केलं असतं. त्यांनी पुढे योगाचा सराव नसलेल्या साध्या माणसांनाही त्याच खड्ड्यात बसवलं. तीही कित्येक तास आत राहिली. बाहेर कधी काढायचं हे ठरवलं ते आतल्या हवेत साठत गेलेल्या कार्बन डायऑक्साइडने. १९६८ साली 'इंडियन जर्नल ऑफ मेडिकल रिसर्च'मध्ये हे प्रसिद्ध झालं.

सराईत माणसाचं शरीर काही बाबतीत वेगळं वागतं का, हा प्रश्न त्यानंतरही उरतो आणि तो रंजक आहे. पण नुसतं खड्ड्यात राहणं म्हणजे चमत्कार, हे म्हणण्याची सोय राहिली नाही. शिवाय हे करणारी योगाचीच संस्था होती. चमत्कार सिद्ध झाला असता तर तिचाच फायदा होता.

ही सवय तिथे आधीपासूनची. जगन्नाथ गणेश गुणे म्हणजे स्वामी कुवलयानंद यांनी १९२४ साली लोणावळ्यात कैवल्यधाम काढलं आणि त्याच वर्षी 'योगमीमांसा' हे नियतकालिक सुरू केलं. उड्डियान आणि नौली करताना पोटातला दाब किती उतरतो, हे ते दाबमापक लावून, क्ष-किरणांखाली बघत होते. पुढे १९२७मध्ये महात्मा गांधींनी तब्येतीबाबत त्यांचा सल्ला घेतला, पत्रव्यवहार केला. आजचा कुठलाही जाहिरातवाला एवढ्या एका गोष्टीवर दहा वर्षं दुकान चालवेल. प्रतिष्ठा उसनी घ्यायला याहून मोठं नाव कुठलं?

प्राणायामाबद्दल तेव्हाही लोक म्हणत, की त्याने शरीरात भरपूर ऑक्सिजन जातो. कुवलयानंदांनी मोजलं. सावकाश, लांब, रोखून धरलेल्या श्वासात तेवढ्याच वेळात नेहमीपेक्षा जास्त ऑक्सिजन घेतला जात नाही, असं दिसलं. त्यांनी ते लपवलं नाही. प्राणायामाची किंमत ऑक्सिजनमध्ये शोधू नका, ती दाबातले बदल आणि मज्जासंस्था यांत शोधा, असं ते लिहीत राहिले. आपल्याच विद्येच्या बाजूने जाणारं एक लोकप्रिय विधान त्यांनी स्वतःहून काढून टाकलं.

हे मी एवढं सविस्तर सांगतो आहे, कारण नव्वद वर्षांनी नेमका हाच मुद्दा जिवावर आला. एप्रिल आणि मे २०२१. मावळातून माणसं बेड शोधत पिंपरी-चिंचवडपर्यंत फिरत होती. फोनवर एक मेसेज आला होता: कापूर, लवंग, ओवा आणि निलगिरी तेलाची पुरचुंडी हुंगा, ऑक्सिजन वाढतो. दुसरा होता, की हवेत ऑक्सिजन भरलेला आहे, सिलिंडरमागे कशाला धावता, दीर्घ श्वास घ्या. कापूर हुंगल्यावर नाकातल्या थंडावा जाणणाऱ्या चेतातंतूंना तो जाणवतो आणि नाक मोकळं झाल्यासारखं वाटतं; रक्तातला ऑक्सिजन त्याने हलत नाही. आणि हवेत २१ टक्के ऑक्सिजन आहेच. अडचण हवेत नव्हती, न्युमोनियाने भरलेल्या फुप्फुसात होती. त्या दिवसांत घरच्या रुग्णाला पालथं झोपवण्याचा सल्ला आरोग्य मंत्रालयाने दिला होता, तो खरोखर उपयोगी होता. पण पालथं झोपण्यात विकण्यासारखं काही नसतं. तो मेसेज माझ्याकडे एकदाच आला; पुरचुंडीचा निदान वीसदा.

पुन्हा पुन्हा येण्याचा परिणाम होतो, हा नुसता अंदाज नाही. १९७७ साली हॅशर, गोल्डस्टीन आणि टोपिनो या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी विद्यार्थ्यांना दोन-दोन आठवड्यांच्या अंतराने तीनदा काही विधानं दाखवली. काही खरी, काही खोटी, सगळी पटण्यासारखी. जी पुन्हा पुन्हा आली ती लोकांना जास्त खरी वाटू लागली, खोटी असली तरी. पुढे २०१५मध्ये लिसा फॅझिओ आणि सहकाऱ्यांनी दाखवलं, की ज्याला योग्य उत्तर ठाऊक आहे तोही यातून सुटत नाही. लोकलच्या डब्यातल्या चिठ्ठीचा हाच धंदा. ती तुम्हाला पटवायला लावलेली नसते. तुम्हाला ओळखीची वाटावी म्हणून लावलेली असते.

आता सोयीचे पत्ते दाखवण्याबद्दल. २३ जून २०२० रोजी पतंजलीने कोरोनिल बाजारात आणताना सांगितलं, की सात दिवसांत १०० टक्के रुग्ण बरे झाले. आयुष मंत्रालयाने त्याच दिवशी जाहिरात थांबवायला सांगितलं. पुढे तो अभ्यास एका नियतकालिकात छापूनही आला. त्यात ९५ रुग्ण होते. एकही गंभीर नव्हता. लक्षणं नसलेले किंवा सौम्य असलेले. ४५ जणांना औषध आणि ५० जणांना दिसायला तशाच पण औषध नसलेल्या गोळ्या. म्हणजे इथे शेजारी होता, हे मान्य केलं पाहिजे. सातव्या दिवशी औषध घेतलेले सगळे निगेटिव्ह होते. आणि औषध न घेतलेल्यांपैकी? ६० टक्के. तिसऱ्या दिवशीचे आकडे ७१ आणि ५०. एवढ्या छोट्या गटावरून 'आणखी तपासून बघायला हरकत नाही' इतकंच म्हणता येतं. गंभीर रुग्णाबद्दल तर काहीच नाही. पण पत्रकार परिषदेतून घरोघरी पोचला तो १०० हा आकडा. ६० कोणाच्या फोनवर आला नाही.

१९ फेब्रुवारी २०२१ला दिल्लीत केंद्रीय मंत्र्यांच्या उपस्थितीत याच औषधाचा पुन्हा गाजावाजा झाला. या वेळी जागतिक आरोग्य संघटनेच्या योजनेनुसार प्रमाणपत्र मिळाल्याचा उल्लेख होता. आपण अशा कुठल्याही पारंपरिक औषधाची परिणामकारकता तपासलेली किंवा प्रमाणित केलेली नाही, असा खुलासा संघटनेला करावा लागला. योग्य प्रमाणपत्राशिवाय महाराष्ट्रात विक्री होऊ देणार नाही, असं तेव्हाचे गृहमंत्री अनिल देशमुख यांनी जाहीर केलं.

हा फक्त आयुर्वेदाच्या नावावर विकणाऱ्यांचा दोष, असं कोणी समजू नये. १९४६ साली अमेरिकेत एका सिगारेट कंपनीची जाहिरात होती, की सगळ्यात जास्त डॉक्टर आमचीच सिगारेट ओढतात. चित्रात पांढरा कोट होता. आमच्या ॲलोपॅथीच्या औषध कंपन्यांचे प्रतिनिधी माझ्या टेबलावर जे चकचकीत पत्रक ठेवून जातात, त्यात 'धोका निम्म्यावर' असं ठळक छापलेलं असतं. शंभरात दोनाचा एक झाला, की हजारात दोनाचा एक, हे बारीक अक्षरांत. मीही कधी कधी ते बारीक अक्षर वाचायचं टाळलेलं आहे. पेन घेतलेलं आहे.

कायदा आहे. १९५४चा औषधे व जादूटोणा उपचार (आक्षेपार्ह जाहिराती) कायदा. त्याच्या यादीत ५४ आजार आहेत, मधुमेह आणि रक्तदाब त्यात येतात. हे आजार बरे करतो अशी जाहिरातच करता येत नाही, मग औषध कुठल्याही पॅथीचं असो. डब्यातली 'शुगर मुळापासून' ही चिठ्ठी म्हणजे चिकटवलेला गुन्हाच. पण या कायद्याचा हात पडतो तो जाहिरात लोकांपर्यंत गेल्यावर. म्हणून २०१८च्या अखेरीस औषध नियमांत १७० क्रमांकाचा नियम आला: आयुर्वेद, सिद्ध, युनानी औषधांची जाहिरात छापण्याआधी राज्याच्या परवाना अधिकाऱ्याची मंजुरी घ्यायची. ऑगस्ट २०२३मध्ये आयुष मंत्रालयाने राज्यांना कळवलं, की या नियमाखाली कारवाई करू नका.

दरम्यान इंडियन मेडिकल असोसिएशनने सर्वोच्च न्यायालयात नेलेलं पतंजलीचं प्रकरण चालू होतं. फेब्रुवारी २०२४मध्ये अवमानाची नोटीस निघाली, एप्रिलमध्ये वृत्तपत्रांत माफीनामा आला. तो तुमच्या नेहमीच्या जाहिरातींएवढ्या आकाराचा आहे का, असं न्यायालयाने विचारलं. प्रचाराबद्दल इतका नेमका प्रश्न मी न्यायालयाच्या तोंडून क्वचितच ऐकला आहे. दावा पानभर आणि खुलासा बोटभर, हीच तर युक्ती. त्या ऑगस्टमध्ये माफी स्वीकारून अवमानाचं प्रकरण मिटलं. पण १ जुलै २०२४ला मंत्रालयाने नियम १७० काढूनच टाकला होता. न्यायालयाने त्याला ऑगस्टअखेर स्थगिती दिली, आणि ऑगस्ट २०२५मध्ये मूळ प्रकरण बंद झालं तेव्हा ती स्थगितीही उठली. छापण्याआधी कोणी बघण्याची सोय त्याबरोबर गेली. माझ्या मते ही चूक आहे. सारा भार पुन्हा वाचणाऱ्यावर आला, आणि तो वाचणारा लावणीत कंबरेत वाकलेला असतो.

आता त्या वाक्याकडे येतो: हे तुम्हाला तुमचा डॉक्टर कधीच सांगणार नाही. मावशींच्या मुलाशी बोलताना मला त्याची ताकद कळली. मी म्हटलं, गोळ्या बंद करायला नको होत्या. तो नम्रपणे म्हणाला, "तुम्ही असंच म्हणणार, हे त्यात सांगितलंच होतं." मी तोंड उघडण्याआधीच माझं बोलणं बाद झालेलं होतं. 'लॉबी', 'माफिया' अशी नावं आधी ठेवून दिली, की पुढे येणारा प्रत्येक पुरावा हा कटाचाच पुरावा ठरतो. यावर रागावून उपयोग नसतो. मी रागावलो होतो, हेही सांगतो, आणि त्याने तो आणखी गप्प झाला.

उपयोग झाला तो वेगळ्याच गोष्टीचा. पावडरीच्या माणसाने मावशींना फोनवर वीस मिनिटं दिली होती. झोप लागते का, पाय जळजळतात का, घरी कोण कोण असतं, सगळं विचारलं होतं. मी चार वर्षांत त्यांना एका वेळी चार मिनिटांच्या वर दिलेली नव्हती. बाहेर रांग असते, हे खरं आहे. पण 'मी तुमच्यातलाच' ही युक्ती जिथे चालते, तिथे त्या बाईला आपलं म्हणणारं दुसरं कोणी भेटलेलं नसतं, हेही खरं आहे.

दिवाळीनंतर मावशी तपासणीला आल्या. शुगर १४०. जखम भरली होती. मी मुलाला जवळ बसवून त्यांच्या चुलतभावाचा हिशोब कागदावर मांडून दाखवला: गोळी, साखर बंद, चालणं आणि पावडर, चारही एकाच महिन्यात. मग विचारलं, की गोळी घेऊन, साखर सोडून, चालूनही ज्यांनी पावडर घेतली नाही, असं तुमच्या गावात कोण आहे? त्याने थोडा विचार केला. "आमचे मास्तर. त्यांची पण उतरली." मग कागद हातात घेऊन म्हणाला, "हे ग्रुपवर टाकू का?"

मी म्हटलं, टाक. त्याने फोटो काढला, पाठवला. संध्याकाळी मी सहज विचारलं, तर त्यावर दोन अंगठे आले होते. पावडरीच्या व्हिडिओखाली, त्याने मोजून सांगितलं, एकशे चौदा.